ठिपक्यांच्या पुंजक्यांवर लगेच विश्वास ठेवू नका

सर्पमित्रांना येणारे फोन इंदूरच्या नकाशावर टिपण्याचे तुमचे काम मोलाचे आहे. मात्र अन्नपूर्णा भागात ठिपक्यांचा पुंजका दिसला म्हणून तिथे साप जास्त आहेत, असे लगेच जाहीर करू नका. दुसऱ्या महायुद्धात लंडनवर पडलेले उडते बॉम्ब ठरावीक भागांवरच रोखलेले आहेत, अशी लोकांची समजूत होती. विमा-गणितज्ञ आर. डी. क्लार्क यांनी १९४६ साली दक्षिण लंडनचे ५७६ समान चौकोन करून ५३७ बॉम्ब मोजले, तेव्हा २२९ चौकोन कोरे निघाले. बॉम्ब निव्वळ योगायोगाने पडले असते तर सुमारे २२७ चौकोन कोरे राहतील, असे गणित सांगत होते; म्हणजे दिसणारे पुंजके योगायोगाशी जुळणारेच होते.

योगायोग सर्वत्र सारखा पसरलेला असावा, अशी आपली चुकीची अपेक्षा असते. शिवाय गवतातली हालचाल साप समजून मागे सरणे हे खरा साप न ओळखण्यापेक्षा नेहमीच स्वस्त पडत आले, त्यामुळे खुणा जोडण्याची घाई मनात मुरलेली आहे. म्हणून ठिपके पाहण्याआधीच चौकोन आखा, दाट वस्तीतून फोन अधिक येणारच हे हिशेबात धरा आणि यंदाचा अंदाज पुढच्या पावसाळ्यातल्या नव्या नोंदींवर तपासून पाहा.