फोनमध्ये जीपीएस असताना आडवाटेच्या ट्रेकला होकायंत्र न्यावे का?

पाठीवरचे वजन वाचवायचे आहे, तेव्हा बॅकअप म्हणून दुसरा फोन घ्यावा की होकायंत्र, असे आपण विचारले आहे. दुसऱ्या फोनला मी बॅकअप मानतच नाही, कारण ज्या पावसात पहिला निकामी होतो त्याच पावसात दुसराही होतो.

कोल्हापुरातल्या आमच्या गटात हा वाद जुना आहे. आषाढात पन्हाळ्याहून पावनखिंडीकडे निघालो असताना एका जाणत्या मित्राने माझ्या गळ्यातल्या होकायंत्राला सर्वांसमोर अडगळ म्हटले होते. मसाई पठारावर देवीचे देऊळ मागे पडले आणि धुके इतके दाटले की दहा पावलांपलीकडचा माणूस दिसेना. जांभ्याच्या त्या सपाट सड्यावर मळलेली वाट विरून जाते आणि ढोरवाटा चहूकडे फुटतात. मित्राने नकाशा आधीच फोनमध्ये उतरवून घेतला होता, त्यामुळे नेटवर्क नसतानाही आमचा ठिपका बरोबर दिसत होता. दिशेचा बाण मात्र भलतीकडे वळलेला होता. उभ्या जागी तो बाण फोनमधल्या चुंबकीय सेन्सरवर फिरतो, आणि मित्राच्या फोनच्या कव्हरला लोहचुंबक होते. पुढे भिजलेल्या स्क्रीनने बोटाला दाद देणेही सोडले. तेव्हा मी होकायंत्रावर पश्चिम धरली, गटातल्या एकाला, आम्हाला दिसेल इतक्याच अंतरावर, पुढे उभे केले, हाका देऊन डावी-उजवीकडे सरकवत रेषेत आणले आणि सर्वजण त्याच्यापर्यंत पोहोचल्यावर पुन्हा तेच केले. असे करत आम्ही पठार ओलांडून खोतवाडीच्या बाजूला उतरलो. थोडे थांबलो असतो तर धुके विरले असते, असे तो मित्र आजही म्हणतो. आषाढातले धुके दिवसदिवस हटत नाही, हे कोल्हापूरकराला सांगावे लागू नये.

पारदर्शक पट्टीचे साधे होकायंत्र तीसेक ग्रॅमचे असते. त्यासोबत भारतीय सर्वेक्षण विभागाच्या १:५०,००० नकाशाचा लागेल तेवढाच भाग छापून प्लॅस्टिकच्या पिशवीत ठेवावा. त्यावर २ सेंटिमीटर म्हणजे प्रत्यक्षात १ किलोमीटर. काटा दाखवतो ती चुंबकीय उत्तर आणि नकाशावरची खरी उत्तर यांतला फरक आपल्या भागात जेमतेम एखाद्या अंशाचा आहे, त्यामुळे परदेशी व्हिडिओंत शिकवतात ती दुरुस्ती येथे सोडून दिली तरी चालते. त्याच व्हिडिओंत सुचवली जाणारी उपग्रहावरून संदेश पाठवणारी यंत्रे मात्र दूरसंचार विभागाच्या परवान्याशिवाय भारतात बाळगता येत नाहीत.

मित्राचा एक मुद्दा मला मान्य आहे: आपण कोठे आहोत हे होकायंत्र सांगत नाही. त्यासाठी फोन हवाच; तो एअरप्लेन मोडवर ठेवावा, जीपीएस चालू राहते आणि बॅटरी टिकते. शिवाय होकायंत्राच्या काट्यावर सरळ रेषेत चालणे उघड्या पठारावर जमते, पांढरेपाणी गावाच्या पुढच्या जंगलात जमत नाही. तेथे शंका आल्यास शेवटच्या वाडीपर्यंत मागे यावे आणि तिथला माहीतगार माणूस सोबत घ्यावा.