एसएलआर साफ केल्यावर दर गोळीला हाताने कॉक करावी लागतेय? आधी गॅस प्लग बघ

भावा, तुझा प्रश्न दोनदा वाचला. ट्रेनिंग संपवून कंपनीत आलास, नावावर एसएलआर (सेल्फ लोडिंग रायफल) मिळाली, वार्षिक फायरिंगच्या आदल्या रात्री ती पहिल्यांदाच एकट्याने पूर्ण खोललीस, साफ केलीस, भरपूर तेल दिलंस, आणि सकाळी रेंजवर पहिली गोळी सुटली की पुढची येईचना, पुंगळी (सुटलेल्या गोळीचं रिकामं कवच) चेंबरमध्येच, म्हणजे बॅरलच्या मागच्या टोकाला गोळी बसते तिथेच, प्रत्येक गोळीला कॉकिंग हँडल ओढावं लागलं. आणि वर सगळे म्हणतायत की रायफल जुनी झाली, जमा कर.

रायफल जुनी आहे हे खरं. 1962 च्या युद्धात आपलं पायदळ जुनी थ्री नॉट थ्री रायफल घेऊन लढलं, त्यानंतर बंगालमधल्या ईशापूरच्या फॅक्टरीत ही बनायला लागली, मूळ डिझाइन बेल्जियमच्या एफएन कंपनीचं. 1971 ला हीच होती. नव्वदच्या दशकात इन्सास ही नवी रायफल आली तशी ही हळूहळू पोलिसांकडे गेली. पण मी मराठा लाइट इन्फंट्रीत नोकरी केली, त्यातली बरीच वर्षं पोरांना हत्यार शिकवण्यात गेली, आणि तुझ्या रायफलीला वयाचा काही आजार आहे असं मला वाटत नाही. आदल्या दिवशी चालत होती, तू जोडलीस आणि थांबली, म्हणजे जोडताना काहीतरी झालंय. माझा पहिला संशय गॅस प्लगवर.

ही रायफल चालते कशी ते आधी डोक्यात बसव, मग साफ काय करायचं ते पाठ करावं लागणार नाही. गोळी बॅरलमधनं पुढे जाताना थोडा गॅस वरच्या छोट्या भोकातनं गॅस सिलिंडरमध्ये येतो, पिस्टनला मागे ढकलतो, पिस्टन ब्रीच ब्लॉक कॅरिअरला धक्का देतो (ब्रीच ब्लॉक म्हणजे चेंबर मागनं बंद करणारा ठोकळा, कॅरिअर त्याला घेऊन मागेपुढे सरकतो), कॅरिअर मागे जाताना ब्रीच ब्लॉकचा मागचा भाग लॉकिंग शोल्डरवरनं, म्हणजे बॉडीतल्या ज्या आडव्या तुकड्याला तो टेकतो त्याच्यावरनं, उचलतो, ब्लॉक मोकळा होतो, पुंगळी ओढून बाहेर फेकतो, हॅमर चढतो, आणि बटमधली (खांद्याला टेकतो तो मागचा दस्ता) रिटर्न स्प्रिंग सगळं परत पुढे ढकलताना मॅगझिनमधली नवी गोळी चेंबरमध्ये नेते. आता सिलिंडरच्या पुढच्या टोकाला बसणाऱ्या गॅस प्लगच्या दोन पोझिशन असतात, एक नेहमीच्या फायरिंगची आणि दुसरी रायफलीच्या तोंडावरनं ग्रेनेड फेकायची, आणि ग्रेनेडच्या पोझिशनला पिस्टनकडे जाणारा गॅस बंद होतो कारण तेव्हा सगळी ताकद ग्रेनेडला पाहिजे असते. प्लग उलटा बसला की रायफल अगदी तू लिहिलंयस तशीच वागते, एक गोळी, मग हाताने कॉक, मग एक गोळी. मी शिकवलेल्या जवळजवळ प्रत्येक बॅचमध्ये कुणीतरी हे केलेलं आहे, त्यामुळे मनाला लावून घेऊ नकोस.

प्लग बरोबर असेल तर मग रेग्युलेटर. नेम धरायच्या पुढच्या साइटच्या मागे ती आकडे असलेली रिंग, साफ करताना ती हातानं फिरते आणि कुणाच्या लक्षातही येत नाही. रिंग जास्त उघडली की जास्त गॅस बाहेर जातो आणि पिस्टनला कमी मिळतो, बंद करत आणली की पिस्टनला जोर मिळतो. बरेच जण रायफल अडली की रिंग पूर्ण बंद करून टाकतात, चालते तेव्हा, पण कॅरिअर मागे जोरात आपटत राहतो, खांदा दुखतो आणि पार्ट तुटायला लागतात. चालण्यापुरता गॅस आणि त्यावर थोडा जास्त, एवढंच. म्हणून खोलायच्या आधी तुझ्या रायफलीचा आकडा वहीत लिहून ठेव, कारण प्रत्येक रायफलीचा वेगळा असतो, शेजाऱ्याचा आकडा तुझ्या कामाचा नाही.

आता खोलण्याचं सांगतो, तुझ्या क्रमात मला दोन गोष्टी खटकल्या. तू लिहिलंयस "कॉक करून चेक केलं मग मॅगझिन काढलं". हे कधीही करू नकोस. मॅगझिनमध्ये गोळी असेल तर कॉक केल्याबरोबर चेंबर रिकामं व्हायच्या ऐवजी भरतं. बॅरल सुरक्षित दिशेला, बोट ट्रिगरपासनं लांब, आधी मॅगझिन बाहेर, मग दोनतीनदा कॉक, मग ॲक्शन मागे अडकवून चेंबरमध्ये डोळ्याने बघायचं आणि करंगळी घालून चाचपायचं. रात्री बराकीच्या पिवळ्या बल्बखाली डोळा फसतो, करंगळी फसत नाही. कोतातनं (हत्यारं ठेवायची खोली) आत्ताच मिळालीय, कोत सांभाळणाऱ्या एनसीओने बघून दिलीय, हे मनात आलं तरी परत बघायचं. साफ करायच्या जागी एकही जिवंत राऊंड नको, पाऊच बाजूला लांब ठेव.

मग ॲक्शन पुढे सोड, हॅमर चढलेला, सेफ्टी लिव्हर एस (सेफ) वर. बॉडीच्या मागचा लॉकिंग लिव्हर सोडवला की बारा बोअरच्या बंदुकीसारखी रायफल मधनं मोडते, बट खाली जातं. कॅरिअरच्या मागे जी लांब दांडी दिसते, आम्ही तिला शेपूट म्हणायचो, ती धरून कॅरिअर आणि ब्रीच ब्लॉक सरळ मागे ओढून घे, मग वरचं कव्हर मागे सरकवून काढ. ब्लॉकचं पुढचं टोक वर उचललं की तो कॅरिअरमधनं सुटतो. फायरिंग पिन काढताना मागचं टोक अंगठ्याने दाबून धरूनच आडवी पिन सरकवायची, तिची स्प्रिंग छोटी आहे आणि उडते, गवतात गेली की गेली, म्हणून खाली पांढरं कापड पसरून बस. पुढे गॅस प्लगचा प्लंजर दाबून प्लग फिरवायचा, तिथेही मागनं स्प्रिंगचा जोर आहे, तोंड त्या रेषेत नको, अंगठा प्लगवर ठेवूनच सोडायचा. मग पिस्टन आणि पिस्टन स्प्रिंग बाहेर. बस. रोजच्या सफाईला एवढंच. एक्स्ट्रॅक्टर (पुंगळी ओढणारं नख), ट्रिगरचं मेकॅनिझम, हँडगार्डचे स्क्रू, रेग्युलेटर स्वतः, याला हात लावायचा नाही, ते आर्मररचं, म्हणजे हत्यारं दुरुस्त करणाऱ्याचं काम, त्याच्याकडे त्याची हत्यारं असतात.

एक गोष्ट मात्र फार महत्त्वाची आणि कुणी सांगत नाही. बराकीत एका ताडपत्रीवर दहा जण दहा रायफली खोलून बसतात आणि ब्रीच ब्लॉक एकमेकांत मिसळतात. दिसायला सगळे सारखेच. पण ज्या लॉकिंग शोल्डरवर ब्लॉक टेकतो ते शोल्डर त्या रायफलीला मापून निवडलेलं असतं, वेगवेगळ्या साइजचं येतं, आणि दुसरा ब्लॉक घातला की मागचं अंतर बदलतं, सैल पडलं तर पुंगळी चेंबरमध्ये फाटू शकते आणि 7.62 मिमीच्या गोळीचा गॅस तुझ्या तोंडापासनं वीतभरावर सुटतो. म्हणून नंबर वाचून आपला ब्लॉक आपल्याच कपड्यावर ठेवायचा, जोडताना परत नंबर वाचायचा.

सफाई बॅरलपासनं सुरू कर, आणि नेहमी चेंबरकडनं मझलकडे (बॅरलचं पुढचं तोंड). पुलथ्रूचं, म्हणजे चिंधी ओढायच्या दोरीचं वजन चेंबरमधनं सोड, मझलमधनं खाली आलं की एका दमात सरळ ओढ, दोरी मझलच्या कडेला घासू देऊ नकोस, ती कड झिजली की टार्गेटवर गोळ्यांचा ग्रुप पसरतो आणि मग माणूस नेम खराब म्हणून स्वतःला दोष देत बसतो. साफ करायला 4 बाय 2 इंचाची चिंधी, तेल द्यायला 4 बाय दीडची. जास्त जाड घातली तर अर्ध्यात अडकते. अडकली तर जोर करू नकोस, सळई ठोकू नकोस, आणि काही जण जाळून काढतात तसलं तर अजिबात नको, आर्मररकडे ने. चिंधी पांढरी निघेपर्यंत ओढत राहा, मग मागे अंगठ्याचं नख किंवा पांढरा कागद धरून मझलकडनं आत बघ, उजेड नखावर पडून वर येतो आणि खाचांच्या कडेला काळं राहिलंय का ते स्पष्ट दिसतं. चेंबर वेगळं साफ करायचं, ते बॅरलपेक्षा रुंद आहे, बॅरलची चिंधी त्याला लागतच नाही, आणि पुंगळी न निघण्याचं ते एक मोठं कारण आहे.

पिस्टनचं डोकं, गॅस सिलिंडर, प्लगचं आतलं तोंड, इथे कार्बन बसतो, दगडासारखा. तेलाची चिंधी गुंडाळून थोडा वेळ ठेव, मऊ पडला की पुसून काढ. रॉकेल वापरलंस तरी चालेल पण नंतर कोरडं पुसून तेलाचा हात फिरवायला लागतो, नुसत्या रॉकेलवर ठेवलेलं लोखंड पावसाळ्यात दोन दिवसात लाल होतं. सँडपेपर, विटेची पूड, पितळ चमकवायची पॉलिश, यातलं काहीही पिस्टनला लावायचं नाही. मी एक रायफल बघितलीय जिचा पिस्टन दर इन्स्पेक्शनला कुणीतरी सँडपेपरने आरशासारखा करत आलेलं, साहेब खूश व्हायचे, आणि ती रायफल रेग्युलेटर पूर्ण बंद केल्याशिवाय चालायची नाही कारण पिस्टनच्या बाजूनं गॅस निसटत होता. त्या जवानाने वाईट हेतूने काही केलं नव्हतं, त्याला कुणी सांगितलंच नव्हतं की काळा डाग राहिला तर चालतो, पण माप गेलं तर परत येत नाही. मला त्याचं अजून वाईट वाटतं. रायफल चालण्यासाठी साफ करायची, तपासणीत चमकण्यासाठी नाही, हे मी प्रत्येक बॅचला पहिल्या दिवशी सांगायचो.

बॉडीच्या आत लॉकिंग शोल्डरच्या समोरचा कोपरा काडीला चिंधी गुंडाळून काढ, तिथे माती साचली की ब्लॉक पूर्ण खाली बसत नाही. ब्लॉकच्या तोंडावर एक्स्ट्रॅक्टरच्या नखाखाली पितळेचा चुरा असतो तोही काढ.

आता तेल. तू लिहिलंयस "सगळीकडे भरपूर". ठेवायच्या रायफलीला तेल वेगळं आणि चालवायच्या रायफलीला वेगळं. कोतात महिनाभर राहणार असेल तर बॅरलमध्ये, चेंबरमध्ये, पिस्टनवर सगळीकडे पातळ थर पाहिजे. पण फायरिंगच्या आधी बॅरल, चेंबर, पिस्टन, सिलिंडर, प्लग कोरडे पुसायचे. गॅसच्या रस्त्यात तेल राहिलं की जळून तिथेच कार्बन होतो, आणि चेंबर ओलं असलं की पुंगळी भिंतीला धरत नाही, सगळा जोर मागे ब्लॉकवर येतो. तेल फक्त जिथे लोखंड लोखंडावर सरकतं तिथे, म्हणजे कॅरिअरच्या कडा, बॉडीतल्या पट्ट्या, ब्लॉक आणि कॅरिअर जिथे एकमेकांना घासतात तिथे, तेही बोटाला लावून. मॅगझिन आतनं कोरडं, राऊंड कोरडे. आपल्याकडे उन्हाळ्यात लाल धूळ असते, तेलावर ती बसली की पेस्ट होते. कोकणात ड्युटी लागली तर उलटं, खारा वारा आणि पाऊस, तिथे रोज पुसायचं, थोडंच पण रोज. आणि बर्फात तर तेल घट्ट होऊन फायरिंग पिनच अडते, तिथे जवळजवळ कोरडीच ठेवायची, आणि बाहेरनं गरम बंकरमध्ये आणली की तिला घाम येतो, तो पुसल्याशिवाय झोपायचं नाही.

फायरिंग झालं त्या दिवशी एकदा साफ केली की संपलं असं नाही. आमच्याकडे पुढचे तीन दिवस रोज पुलथ्रू मारायचा नियम होता, आणि दुसऱ्या दिवशी पांढरी चिंधी परत काळी निघालेली मी स्वतः कितीदा बघितलीय. थ्री नॉट थ्रीच्या काळात जुने लोक बॅरलमध्ये उकळतं पाणी ओतायचे, कारण त्या काडतुसाच्या कॅपमधला क्षार हवेतलं पाणी ओढून बॅरल गंजवायचा आणि क्षार तेलाने विरघळत नाही, पाण्याने विरघळतो. नियम त्या लोकांकडनं आलेला आहे.

जोडताना उलट्या क्रमाने, पण दोन ठिकाणी थांब. रायफल बंद करताना शेपूट बटमधल्या आपल्या जागी बसलंय का बघून मगच दाब, तिरकं असताना जोर केला की वाकतं आणि मग कॅरिअर घासत चालतो. आणि गॅस प्लग, नेहमीच्या फायरिंगची खूण वर, प्लंजर बाहेर येऊन बसलेला. झाली की मॅगझिन न लावता चारपाच वेळा कॉक करून सोड, अडखळतेय का ते हाताला कळतं, मग सुरक्षित दिशेला ट्रिगर दाबून हॅमरचा आवाज ऐक.

उद्या कोत उघडलं की काही न खोलता आधी प्लगची खूण बघ आणि रेग्युलेटर कितीवर आहे ते लिहून घे. दोन्ही बरोबर असतील आणि तरी अडत असेल तर पिस्टन काढून सिलिंडरमध्ये बोटानं सरकतोय का बघ, ब्लॉकचा नंबर बॉडीशी जुळतोय का बघ, आणि काय दिसलं ते इथे लिही, मी रात्री नऊनंतर असतो.