रशियन बोलीतील इंग्रजी शब्द शिकताना

रशियन शिकण्यास नव्याने सुरुवात केलेल्यांनी तेथील तरुणांच्या बोलीतील इंग्रजी शब्दांच्या याद्या पाठ करू नयेत, असे माझे अनुभवांती मत झाले आहे. शब्द ओळखीचा असतो, अडते ते व्याकरणापाशी. मराठीत आपण 'गूगल करणे' म्हणतो, म्हणजे परका शब्द तसाच ठेवून क्रियेचा भार 'करणे'वर टाकतो. रशियन मात्र त्या शब्दालाच प्रत्यय लावून 'गूग्लित' असे क्रियापद घडवते आणि शोध पूर्ण झाल्याचे सांगायचे असल्यास उपसर्ग जोडून 'झागूग्लित' म्हणते. 'लाइकात' म्हणजे लाइक देत राहणे, तर 'लाइक्नुत' म्हणजे एकदाच देणे, हा भेद तर मूळ इंग्रजी क्रियापदातही नाही. म्हणून असे प्रत्येक क्रियापद जोडीनेच शिकावे.

अर्थाबाबतही सावध राहावे. 'क्राश' म्हणजे अपघात नव्हे, तर मनात भरलेली व्यक्ती. 'लूक' म्हणजे पेहराव, पण हाच उच्चार कांदा आणि धनुष्य यांसाठी आधीपासून आहे, त्यामुळे संदर्भ पाहिल्याशिवाय अनुवाद करू नये. काही वेळा केवळ ध्वनिसाम्यावरून घरचाच शब्द वापरला जातो: ईमेलला 'मीला', म्हणजे चक्क साबण, म्हणत, आणि 1996 मध्ये आलेल्या आयसीक्यू या संदेशसेवेला 'आस्का', म्हणजे 'आस्या' या मुलीच्या नावाचे लाडके रूप. मला ही गंमत उसन्या शब्दांपेक्षा अधिक आवडते.

हे शब्द समजून घ्यावेत; मात्र शिक्षकांशी किंवा वडीलधाऱ्यांशी बोलताना ते टाळावेत.