‘ओळखीचं संकट’ म्हणजे कोणतं संकट?

बडोद्यातच मानसशास्त्र शिकणाऱ्या एका मुलीचा प्रश्न आलाय. मानसशास्त्रज्ञ एरिक एरिक्सनने माणसाच्या आयुष्याच्या आठ अवस्था सांगितल्या, त्यांचा तक्ता ती मराठीत करते आहे. पाचव्या, म्हणजे किशोरवयाच्या अवस्थेपाशी ती अडली. ‘आयडेंटिटी क्रायसिस’ला ‘अस्मितेचं संकट’ लिहावं की ‘ओळखीचं संकट’?

मला दोन्ही नको वाटतात.

अस्मिता हा शब्द ‘अस्मि’ला, म्हणजे ‘मी आहे’ला, ‘ता’ लागून झालेला. योगसूत्रांतल्या पाच क्लेशांमध्ये अविद्येच्या पाठोपाठ ती येते. तिथे ती एकेकट्याच्या ‘मी’शी बांधलेली आहे. आजच्या मराठीत मात्र ती समूहाची झाली. भाषेची अस्मिता, प्रांताची अस्मिता. ती दुखावते, जागी होते. आपल्या शेजारच्या गुजरातीतही कन्हैयालाल मुनशींमुळे ‘गुजरातनी अस्मिता’ हाच अर्थ रुजला. सतरा वर्षांच्या पोराला आपण पुढे कोण होणार हे उमजत नाही, त्याला ‘अस्मितेचं संकट’ म्हटलं तर वाचकाच्या डोळ्यांपुढे मोर्चा उभा राहील.

‘ओळखीचं संकट’मध्ये अडचण व्याकरणाची आहे. ओळखीचा माणूस, ओळखीचा आवाज, ओळखीचं दुकान. मराठीत ‘ओळखीचा’ म्हणजे परिचयाचा. त्यामुळे ‘ओळखीचं संकट’ हे पूर्वी येऊन गेलेलं, सवयीचं संकट वाटतं. नेमका उलटा अर्थ!

तरी ‘ओळख’ टाकून देऊ नका. तिच्याबरोबर मराठीने एक फार सुंदर क्रियापद दिलंय: पटणे. बँकेत सही पटते, दोन माणसांचं पटतं, तशी ओळख पटते. पटायला दोन बाजू लागतात आणि त्या जुळाव्या लागतात. एरिक्सनला हेच म्हणायचं होतं. मी काल होतो तोच आज आहे असं आतून वाटणं आणि भोवतालच्या माणसांनीही मला तसंच ओळखणं, या दोहोंचा मेळ म्हणजे आयडेंटिटी.

माझी भाची बडोद्याच्या दांडिया बाजारात वाढली. शाळेत मैत्रिणी तिला ‘मराठी’ म्हणायच्या. एका सुट्टीत पुण्याला गेली आणि बोलता बोलता म्हणाली, ‘उत्तरायणला मी गच्चीवर पतंग चगवते.’ भावंडं ‘चगवते’ला (गुजराती वळणाचं ‘उडवते’) हसली आणि दिवसभर तिला ‘गुजरातवाली’ म्हणत राहिली. परत आल्यावर बरेच दिवस ती घरातही गुजरातीतच बोलायची. आत एक आणि बाहेर दोन, असे तीन हिशेब तिला जुळवायचे होते.

एरिक्सनचं स्वतःचं असंच झालं होतं. उंच, सोनेरी केसांचा, निळ्या डोळ्यांचा म्हणून ज्यू मुलं त्याला परका समजत आणि शाळेतली जर्मन मुलं ज्यू म्हणून चिडवत. जन्मदाता वडील कोण हे त्याला कधीच कळलं नाही. होम्बर्गर हे आडनाव सावत्र वडिलांचं. १९३९ मध्ये अमेरिकेचं नागरिकत्व घेताना त्याने ‘एरिक्सन’, म्हणजे एरिकचा मुलगा, हे नाव स्वतःच स्वतःला दिलं.

आता ‘क्रायसिस’. संकट कोसळतं, ओढवतं. एरिक्सनच्या मनात आपत्ती नव्हती, वळण होतं. वाढ इकडे जाईल की तिकडे, हे ठरवणारी वेळ. म्हणून मी ‘पेच’ घेईन. मूळ फारसी शब्दाचा अर्थच पीळ, वळसा. शिवाय बडोद्यात कुणाला पेच समजावून सांगावा लागत नाही. पेच लागला म्हणजे पतंग गेला असं नव्हे. ढील देता आली पाहिजे, खेचता आलं पाहिजे.

तेव्हा तक्त्यात ‘स्व-ओळखीचा पेच’ लिहा. ‘स्व’ जोडल्याने ‘परिचयाचा’ हा अर्थ गळतो. बोलताना मात्र ‘स्वतःची ओळख पटत नाहीये’ असंच म्हणा, ते कानाला सहज लागतं.

जाता जाता आठव्या, शेवटच्या अवस्थेविषयी. तिथली जोडी ‘इंटेग्रिटी’ विरुद्ध ‘डिस्पेअर’ अशी आहे. कोश ‘इंटेग्रिटी’ला सचोटी किंवा प्रामाणिकपणा देतात, तो शब्द इथे घेऊ नका. म्हातारपणी मागे वळून पाहताना, चुकांसकट हे आयुष्य माझंच होतं असं मान्य करता येणं, हा इथला अर्थ आहे. ‘कृतार्थता’ जवळ जातो, पण त्यात सगळं साधल्याचा सूर आहे. मी ‘स्वीकार’ लिहीन आणि समोर ‘हताशा’.