चेक बाउन्सची पहिली केस घेतोयस ना, मग हे ऐक

अरे बाबा, म्हापशाच्या कोर्टात पहिली १३८ची (चेक न वटल्याच्या गुन्ह्याचं, निगोशिएबल इन्स्ट्रुमेंट्स अ‍ॅक्टचं कलम) केस लावतोयस म्हणून सांगतो, नुसता 'दंड करा' म्हणून बसू नको, कारण दंड जातो सरकारजमा आणि तुझा अशील हात हलवत घरी. दंड चेकच्या रकमेच्या दुपटीपर्यंत करता येतो, त्यामुळे 'यातून फिर्यादीला भरपाई द्या' असं स्पष्ट मागायचं, शेवटच्या आर्ग्युमेंटला लेखी दे. २०११ साली सुप्रीम कोर्टानंच म्हटलंय, की चेकची रक्कम अधिक साधारण ९ टक्के व्याज भरून निघेल असा दंड करावा आणि तो भरपाई म्हणून द्यावा.

कोर्टाने दंड न करता नुसती कैद दिली तर भरपाई वेगळी मागता येते, पूर्वी सीआरपीसी (जुनी फौजदारी प्रक्रिया संहिता) ३५७(३), आता तिच्या जागी आलेल्या बीएनएसएसचं (भारतीय नागरिक सुरक्षा संहिता) ३९५.

आणि त्याच चेकच्या कायद्यातलं कलम १४३अ विसरू नको रे, आरोपीने गुन्हा नाकारला की चेकच्या रकमेच्या २० टक्क्यांपर्यंत अंतरिम भरपाईचा अर्ज टाक, मिळेलच असं नाही, पण बरेच जण अर्जच करत नाहीत. आरोपी अपिलात गेला तर कलम १४८ खाली दंडाच्या किंवा भरपाईच्या किमान २० टक्के भरायला लावायची मागणी कर.

आरोपीला नोटीस मात्र बँकेचा चेक परत आल्याचा मेमो मिळाल्यापासून ३० दिवसांत, तिथे चुकलास तर बाकी सगळं फुकट.