टायटनवरचा मिथेन संपत का नाही?

अगं, तुझा मेल दोनदा वाचला. शनीच्या टायटन या चंद्राच्या हवेतल्या रेणूंची यादी मस्त केलीयस, बेन्झीन, हायड्रोजन सायनाइड, 2017 मध्ये अल्मा या रेडिओ दुर्बिणीच्या निरीक्षणांत पक्कं झालेलं व्हिनाइल सायनाइड, सगळं आलंय. पण प्रोजेक्ट यादीवर करू नकोस, एकटा मिथेन धर आणि त्याचा जमाखर्च मांड.

म्हणजे बघ, हवा जवळपास 95 टक्के नायट्रोजन आणि उरलेला बहुतेक मिथेन. वर सूर्याचे अतिनील किरण मिथेन फोडतात, सुटलेला हायड्रोजन हलका, त्यात टायटनचं गुरुत्वाकर्षण कमी, म्हणून तो अवकाशात निघून जातो आणि गेला तो गेलाच. गुरू-शनीवर हायड्रोजन मुबलक, तिथे मिथेन पुन्हा तयार होतो, इथे तो रस्ताच बंद. या वेगाने आत्ताचा साठा काही कोटी वर्षांत संपायला हवा, आणि सौरमालेचं वय साडेचारशे कोटी! मग कुठून येतो? बहुतेक पोटातून. 2005 मध्ये टायटनवर उतरलेल्या हायगेन्स यानाला तिथे आर्गॉन-40 सापडला, तो खडकातल्या पोटॅशियमपासून बनतो, म्हणजे आतला वायू बाहेर येतो एवढं नक्की.

खर्चाची बाजू तर अजूनच भारी आहे. फुटलेल्या मिथेनचा बराचसा ईथेन व्हायला हवा, त्यामुळे कॅसिनी यान शनीपाशी पोचायच्या आधी लोक टायटनभर ईथेनचा खोल समुद्र असेल असं धरून चालले होते. रडारने दाखवलं काय, तर विषुववृत्ताजवळ वाळूच्या टेकड्या, समुद्र ध्रुवांकडे, आणि त्यातला लिजिया मारे हा समुद्र तर मुख्यतः मिथेनचाच. ईथेन गेला कुठे हा प्रश्न मला आजही सोडत नाही.

काही भाग नारिंगी धुरक्यात गेला हे खरं. त्याची सुरुवात हजारेक किलोमीटर उंचीवर होते, तिथे कॅसिनीच्या इलेक्ट्रॉन मोजायच्या उपकरणाला प्रचंड जड ऋण आयन (ऋण विद्युतभार असलेले रेणू) दिसले, कोणी अपेक्षाच केली नव्हती. असं काही दिसलं की नॉइज म्हणून पुसून टाकू नकोस, आधी नीट बघ.

आणि एक, पुस्तकातले रेट कॉन्स्टंट (रिअ‍ॅक्शन किती वेगाने होते ते सांगणारे आकडे) बहुतेक 298 केल्व्हिनचे असतात, टायटनच्या वरच्या हवेत दीडशेच्या आसपास, जमिनीवर 94. मी सुरुवातीला तेच आकडे तसेच टाकले होते, दोन महिन्यांचं काम परत करावं लागलं. म्हणून प्रत्येक आकड्यासमोर तापमान लिही.

रविवारपर्यंत मिथेन फुटण्यापासून ईथेनपर्यंतच्या रिअ‍ॅक्शन लिहून पाठव, हाताने लिहून फोटो काढलास तरी चालेल.