मुंबईतल्या बाल्कनीत कुंडीच्या मातीत गांडुळासारखा, पण खवले असलेला प्राणी निघाला. हा वर्म लिझार्ड आहे का? त्याचं काय करू?

नाही. वर्म लिझार्ड, म्हणजे गांडुळासारखे दिसणारे सरपटणारे प्राणी, भारतात सापडतच नाहीत. ते आफ्रिका, दोन्ही अमेरिका, भूमध्य समुद्राचा काठ आणि अरबस्तानात असतात. मेक्सिकोतल्या बायपेस या त्यांच्या एका प्रकाराला तर पुढचे दोन पायही असतात. मुंबईच्या बाल्कनीत निघाला तो बहुधा वाळा, म्हणजे साप. बिनविषारी.

खात्री करायची तर ओल्या पांढऱ्या ताटलीत ठेवून बघा. गांडूळ चिकट असतं, लांब-आखूड होत सरकतं. वाळा गुळगुळीत, चकचकीत असतो, अंग झटकून वळवळतो आणि इवलीशी जीभ बाहेर काढतो. डोळे म्हणजे खवल्याखालचे दोन काळे ठिपके. वर्म लिझार्डच्या अंगावर खवल्यांची कडी कडी असतात, वाळ्याच्या नसतात. हातात धरलात तर शेपटीचं टोक टोचेल. तो दंश नव्हे, तिथे बारीक काटा असतो.

आमच्या सोसायटीत दर पावसाळ्यात हाच वाद. बिळांत पाणी भरलं की वाळे मोरीच्या जाळीतून वर येतात, आणि लगेच कोणीतरी 'नागाचं पिल्लू' म्हणून फिनेल ओततं. हे अडाणीपणाचं आहे. नागाचं पिल्लू अंड्यातून निघतानाच वीत-सव्वा वीत भरतं आणि फणा काढतं. वाळा पूर्ण वाढला तरी साधारण १० ते १५ सेंटिमीटर, जाडीला बुटाच्या नाडीएवढा. 'कानात शिरतो' हेही खोटं. त्याला मुंग्या-वाळवीची अंडी, अळ्या आणि कोष हवे असतात. तोंड इतकं लहान की माणसाला चावताच येत नाही.

तो आला बहुधा नर्सरीच्या लाल मातीतून. या जातीत सगळ्या माद्याच, नराविना अंडी घालतात. म्हणून एक वाळा कुंडीतून गेला तरी नव्या जागी वस्ती होते. जगभर ही जात अशीच पसरली.

चमच्याने मूठभर ओल्या मातीसकट उचला आणि कुंडीतच परत सोडा, नाहीतर आवारात पालापाचोळ्याखाली, सावलीत. बाटलीत ठेवू नका, उन्हात तर मुळीच नको, लगेच सुकून मरतो. आणि कुंडीत मुंग्यांची पावडर टाकू नका. मुंग्या आवरायचं काम तो फुकट करतोय.

फोटो दिला नाहीत म्हणून सांगतो, जाडी पेन्सिलीएवढी किंवा जास्त असेल, अंगावर पट्टे असतील, तर वरचं काही करू नका. लांब राहा आणि सर्पमित्राला बोलवा.